चित्रपटांचा राखणदार

जुना चित्रपट पाहताना तो आपल्यापर्यंत कसा पोहोचला, याचा तुम्ही कधी विचार केला आहे का? कोणीतरी त्याची रिळे जपून ठेवली, म्हणूनच तो आज दिसतो. रिळे जपण्यातच आयुष्य घालवणाऱ्या एका माणसाची ओळख आपण करून घेऊ या.

आंरी लांग्लवा यांचा जन्म १९१४ साली तुर्कस्तानातील स्मिर्ना, म्हणजे आजच्या इझमीर शहरात झाला. १९२२ मध्ये त्या शहराला मोठी आग लागली आणि त्यांचे फ्रेंच कुटुंब पॅरिसला आले. तेथे लांग्लवांना मूकपटांचे वेड लागले.

पुढे बोलपट आले आणि मूकपटांना कोणी विचारीना. रिळांमध्ये थोडी चांदी असे. ती काढून घेण्यासाठी कितीतरी रिळे नष्ट केली गेली. लांग्लवांना हे पाहवेना. ते मिळतील ती रिळे जमवू लागले. घरातील न्हाणीच्या टबातही त्यांनी डबे ठेवले, असे सांगतात. १९३६ मध्ये मित्रांच्या मदतीने त्यांनी 'सिनेमातेक फ्रांसेज' ही संस्था स्थापन केली. तेव्हा तिच्याकडे जेमतेम दहा चित्रपट होते.

ही रिळे चटकन पेट घेत आणि नीट न ठेवल्यास खराब होत. त्यातच १९४० मध्ये जर्मन सैन्याने पॅरिस घेतले. लांग्लवांनी डबे ठिकठिकाणी लपवले. त्यांच्या सहकारी लोटे आइसनर ज्यू होत्या. त्या स्वतः खोट्या नावाने लपून राहत होत्या, तरी एका जुन्या गढीतील डब्यांची त्यांनी काळजी घेतली.

युद्धानंतर लांग्लवा हे चित्रपट लोकांना दाखवू लागले. ते पाहूनच त्रुफो, गोदार यांच्यासारखे दिग्दर्शक घडले. मात्र लांग्लवांचा कारभार अव्यवस्थित होता. फेब्रुवारी १९६८ मध्ये सरकारने त्यांना पदावरून दूर केले. तेव्हा तरुण रस्त्यावर उतरले. अनेक नामवंत दिग्दर्शकांनी तेथे आपले चित्रपट दाखवण्यास मनाई केली. एप्रिलमध्ये सरकारला त्यांना परत बोलवावे लागले. १९७४ मध्ये त्यांना मानाचे ऑस्कर मिळाले आणि १९७७ मध्ये पॅरिसमध्ये त्यांचे निधन झाले.

मित्रांनो, आज अनेक देशांत जुनी रिळे शोधणे, दुरुस्त करणे आणि त्यांची नोंद ठेवणे हा एक व्यवसाय आहे. लांग्लवा चांगले-वाईट निवडत बसले नाहीत. आज टाकाऊ वाटणारी वस्तू उद्या अनमोल ठरू शकते, हे त्यांनी ओळखले होते.