संगीतकार सत्यजित राय

सत्यजित राय यांचे नाव घेतले, की आठवतो तो दिग्दर्शक. आपल्या बहुतेक चित्रपटांचे संगीतही त्यांनी स्वतःच रचले, हे मात्र सहसा लक्षात राहत नाही.

२ मे १९२१ रोजी कोलकाता येथे त्यांचा जन्म झाला. वडील सुकुमार राय यांचे छत्र बालपणीच हरपले. घरात ब्राह्मो समाजाची गीते व रवींद्रसंगीत कानी पडे. शाळकरी वयातच त्यांना बेथोव्हनच्या ध्वनिमुद्रिकांचा छंद जडला. पाश्चात्त्य स्वरलिपीही ते स्वप्रयत्नाने शिकले.

पुढे जाहिरात संस्थेत नोकरी करत असताना त्यांनी ‘पथेर पांचाली’ हाती घेतला. कोणी निर्माता पैसे लावेना. विम्याची पॉलिसी आणि पत्नीचे दागिने गहाण पडले, तरी काम अडलेच. अखेर पश्चिम बंगाल सरकारने अर्थसाहाय्य केले आणि १९५५ साली चित्रपट प्रदर्शित झाला. पंडित रविशंकर यांनी त्याचे संगीत जवळजवळ एका रात्रीत ध्वनिमुद्रित केले. त्यांना दौऱ्यांतून सवडच नव्हती. मुलीच्या मृत्यूविषयी काही न कळलेला पिता घरी परततो आणि तिच्यासाठी आणलेली साडी पुढे करतो. तेव्हा आई हंबरडा फोडते, पण तिचा आवाज ऐकू येत नाही. ऐकू येते ती तारशहनाई. शब्दांना जे साधले नसते, ते तिथे एका वाद्याने साधले.

यानंतर उस्ताद विलायत खाँ आणि उस्ताद अली अकबर खाँ यांनीही त्यांच्या चित्रपटांना संगीत दिले. तथापि रागाचा विस्तार आपल्या गतीने होतो, तर चित्रपटातील प्रसंग सेकंदांत मोजलेला असतो. मनात नेमके काय हवे ते ठरलेले, पण एवढ्या थोर कलावंतांना सांगावे कसे, हा पेच होता. १९६१ च्या ‘तीन कन्या’पासून राय यांनी ही जबाबदारी स्वतःच्याच शिरावर घेतली. पार्श्वसंगीत जितके कमी तितके बरे, असे या संगीतकाराचे मत असावे, हे विशेषच!

‘चारुलता’त (१९६४) त्यांनी रवींद्रनाथांच्या गीतांच्या चाली पार्श्वसंगीतात गुंफल्या. जेम्स आयव्हरी यांच्या ‘शेक्सपिअरवाला’ (१९६५) या अल्प खर्चात निर्मिलेल्या चित्रपटालाही त्यांचेच संगीत होते. ‘गुपी गायेन बाघा बायेन’मध्ये (१९६९) गाणी लिहिली त्यांनी, चालीही त्यांच्याच. त्यातील भुतांच्या नृत्यात चार प्रकारची भुते आहेत. त्यांच्यासाठी राय यांनी मृदंगम, घटम, कंजिरा आणि मोरसिंग ही दक्षिणेतील चार वाद्ये योजली. बंगालच्या लोककथेतील भुते कर्नाटक तालावर नाचतात आणि ते मुळीच परके वाटत नाही.

‘अशनि संकेत’ व ‘हीरक राजार देशे’ या चित्रपटांच्या संगीतासाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार लाभले. १९८३ मध्ये हृदयविकाराने गाठल्यावर काम मंदावले, थांबले नाही. १९९१ च्या ‘आगंतुक’ या अखेरच्या चित्रपटाचे संगीतही त्यांचेच आहे. २३ एप्रिल १९९२ रोजी कोलकाता येथेच त्यांचे निधन झाले.