जग पाहून आलेल्या पंडिता रमाबाई



आपल्या गावाच्या नावातली एक मात्रा इकडची तिकडे केली की कडेगावचे केडगाव होते. हे केडगाव पुणे जिल्ह्यात, दौंड तालुक्यात आहे. पंडिता रमाबाईंचे मुक्ती मिशन तिथे आजही उभे आहे. रमाबाईंचे नाव आपण सर्वांनी ऐकले आहे. अनाथांची आई म्हणून आपण त्यांना ओळखतो. पण त्यांनी अमेरिकेवर मराठीत एक मोठे पुस्तक लिहिले होते, हे फार थोड्यांना ठाऊक असते.

आपली मुले स्पर्धा परीक्षेसाठी सामान्यज्ञान पाठ करतात. कोणत्या देशाची राजधानी कोणती, चलन कोणते, नदी कोणती, हे त्यांना घडाघडा येते. ऐकून कौतुक वाटते. पण दूरच्या देशांची माहिती माणसाने मिळवायची ती नेमकी कशासाठी? रमाबाईंच्या आयुष्यात मला याचे उत्तर सापडते.

रमाबाईंचा जन्म 23 एप्रिल 1858 रोजी सह्याद्रीतल्या गंगामूळच्या रानात झाला. वडील अनंतशास्त्री डोंगरे मोठे विद्वान होते. स्त्रियांनी संस्कृत शिकू नये असे मानणाऱ्या त्या काळात त्यांनी आपल्या पत्नीला, लक्ष्मीबाईंना, संस्कृत शिकवले. पुढे आईने रमेला शिकवले. तीर्थोतीर्थी पुराण सांगत हे कुटुंब भारतभर फिरत असे. मग दुष्काळाचे दिवस आले. 1874 मध्ये वडील गेले, पाठोपाठ आई गेली आणि थोरली बहीणही गेली. रमा आणि भाऊ श्रीनिवास उपाशीतापाशी पायी हिंडत राहिले. 1878 मध्ये ते कलकत्त्याला पोचले. तिथल्या विद्वानांनी या तरुण मुलीची विद्या पाहून तिला ‘पंडिता’ आणि ‘सरस्वती’ या पदव्या दिल्या.

सन्मान मिळाला, पण दुःख थांबले नाही. 1880 मध्ये भाऊ वारला. त्याच वर्षी रमाबाईंनी बिपिनबिहारी मेधावी या बंगाली वकिलांशी विवाह केला. जात वेगळी, भाषा वेगळी. लोकांनी बोल लावले. 1881 मध्ये मनोरमा जन्मली आणि 1882 मध्ये पती कॉलऱ्याने गेले. चोविसाव्या वर्षी विधवा झालेल्या रमाबाई तान्ह्या लेकीला घेऊन पुण्यास आल्या. तिथे त्यांनी आर्य महिला समाज स्थापन केला. हंटर शिक्षण आयोगापुढे साक्ष देऊन त्यांनी मुलींसाठी शिक्षिका आणि स्त्री-डॉक्टर तयार करण्याची मागणी केली.

आपण स्वतः डॉक्टर व्हावे म्हणून 1883 मध्ये त्या इंग्लंडला गेल्या. कानांनी कमी ऐकू येत असल्यामुळे ते स्वप्न अपुरे राहिले. वाँटेज येथे अँग्लिकन भगिनींच्या मठात त्या राहिल्या आणि त्याच वर्षी 29 सप्टेंबरला मायलेकींनी बाप्तिस्मा घेतला. पण रमाबाईंनी प्रश्न विचारणे सोडले नाही. साडी आणि शाकाहारही सोडला नाही. काही धर्माधिकाऱ्यांना त्या हट्टी वाटल्या. रमाबाई कॅथलिक नव्हत्या, आणि त्यांच्या सर्व मतांशी मी सहमत आहे असेही नाही. तरीही प्रामाणिक प्रश्न हा श्रद्धेचा शत्रू नसतो, हे मी सेमिनरीत तत्त्वज्ञान शिकताना शिकलो आणि रमाबाईंचे चरित्र वाचताना ते पुन्हा पटले.

फेब्रुवारी 1886 मध्ये लिव्हरपूलहून बोटीने निघून त्या अमेरिकेतील फिलाडेल्फियाला गेल्या. त्यांच्या दूरच्या नात्यातील आनंदीबाई जोशी 11 मार्च 1886 रोजी तिथल्या स्त्रियांच्या वैद्यकीय महाविद्यालयातून डॉक्टर होणार होत्या. सोहळ्यासाठी गेलेल्या रमाबाई जवळजवळ तीन वर्षे त्या देशात राहिल्या. गावोगावी फिरल्या, शाळा पाहिल्या, बालवाडीची पद्धत शिकल्या, व्याख्याने दिली. भारतातील विधवांच्या स्थितीवर त्यांनी इंग्रजीत पुस्तक लिहिले. त्या विधवांच्या शाळेला मदत करण्यासाठी 1887 मध्ये बॉस्टनला एक मंडळ स्थापन झाले.

मायदेशी परतल्यावर 1889 मध्ये त्यांचे अमेरिकेवरील मराठी पुस्तक मुंबईत छापले गेले. त्या देशाचा भूगोल, राज्यकारभार, घरसंसार, शिक्षण, धर्मपंथ, व्यापार आणि स्त्रियांची स्थिती असे सारे त्यात आहे. त्या काळी आपल्याकडे परदेश म्हणजे विलायत, म्हणजे राज्यकर्त्यांचा देश. रमाबाईंनी मात्र इंग्रजांचे राज्य झुगारून स्वतःचा कारभार स्वतः करणाऱ्या लोकांची ओळख मराठी वाचकाला करून दिली. पारतंत्र्यातल्या वाचकाला यातून काय सुचले असेल, हे आपण समजू शकतो.

पण त्या दिपून गेल्या नाहीत. तिथल्या मूळ रहिवाशांवर गोऱ्यांनी केलेला अन्याय त्यांनी लिहिला. काळ्या लोकांना मिळणारी हीन वागणूक लिहिली. स्त्रियांना तिथेही शिक्षणासाठी झगडावे लागले, हेही लिहिले. आपल्याकडचा जातिभेद सोसलेल्या बाईंना परक्या देशातला वर्णभेद लगेच ओळखू आला. चांगले ते घ्यायचे आणि वाईटाला वाईट म्हणायचे, मग तो देश आपल्याला मदत करणारा का असेना! याला धैर्य लागते.

अमेरिकेत पाहिलेले त्यांनी इथे कामाला लावले. 11 मार्च 1889 रोजी, म्हणजे आनंदीबाईंच्या पदवीदानानंतर बरोबर तीन वर्षांनी, मुंबईत शारदा सदन सुरू झाले. पुढच्या वर्षी ते पुण्याला गेले. पहिल्या विद्यार्थिनींमधील गोदूबाई ही बालविधवा पुढे 1893 मध्ये धोंडो केशव कर्वे यांची पत्नी झाली. त्याच वर्षी, काही मुली रमाबाईंच्या प्रार्थनेला बसतात म्हणून धर्मांतराचा आरोप झाला. सल्लागार सोडून गेले, अनेक मुलींना पालकांनी काढून नेले. रमाबाईंनी काम थांबवले नाही. 1896 च्या दुष्काळात त्या स्वतः मध्य प्रांतात गेल्या आणि उपाशी मुलींना घेऊन आल्या. दुष्काळात आई-वडील गमावलेल्या बाईंना त्या मुलींची भूक कोणी सांगावी लागली नाही. केडगावच्या माळरानावर शेती, विणकाम, छापखाना सुरू झाला. अंध मुलींना ब्रेल लिपी शिकवली गेली.

शेवटची अनेक वर्षे रमाबाई हिब्रू आणि ग्रीक शिकून पवित्र शास्त्राचे साध्या मराठीत भाषांतर करीत होत्या. खेड्यातल्या बाईला ते समजावे, हा त्यांचा हेतू होता. 1921 मध्ये मनोरमा गेली. 5 एप्रिल 1922 रोजी रमाबाईंनी देह ठेवला. त्यांचे भाषांतर 1924 मध्ये प्रसिद्ध झाले.

पालकहो, मुलांना राजधान्या जरूर पाठ करू द्या. पण त्यांना आणखी एक प्रश्न विचारायची सवय लावा: त्या देशात सर्वांत मागे राहिलेला माणूस कसा जगतो, आणि तिथले चांगले काय आपल्या गावात आणता येईल? रमाबाईंनी हाच प्रश्न विचारीत जग पाहिले. म्हणून त्यांनी मिळवलेली माहिती कागदावर राहिली नाही. उपाशी मुलींसाठी ती घर झाली.

आपला,
धर्मगुरू