ललिता पवार : एका नावाचे सामान्यनाम होताना

विशेषनामाचे सामान्यनाम कसे होते, हे तुम्हांला परिचित आहे. दानशूर माणसाला आपण कर्ण म्हणतो, कळ लावणाऱ्याला नारद. खाष्ट सासूसाठी मात्र मराठी माणसाला नाव दिले ते चित्रपटाने : ललिता पवार. या नावामागील अभिनेत्रीचे आयुष्य पाहिले, म्हणजे पडद्याने वयस्क स्त्रीला कोणते साचे दिले हेही समजते.

ललिताबाईंचा जन्म १८ एप्रिल १९१६ रोजी नाशिक जिल्ह्यातील येवल्याला झाला. मूळ नाव अंबा. मूकपटांच्या काळात बालकलाकार म्हणून त्या पडद्यावर आल्या आणि पुढे नायिका झाल्या. १९४२ साली ‘जंग-ए-आझादी’च्या चित्रीकरणात सहकलाकार भगवान यांनी त्यांना थोबाडीत मारण्याचा प्रसंग होता. फटका अनवधानाने फार जोरात बसला. चेहऱ्याला पक्षाघात झाला, डावा डोळा कायमचा अधू झाला. उपचार दीर्घकाळ चालले. तेव्हा त्यांचे वय अवघे २६ होते. नायिकेचे दार बंद झाले.

उरल्या त्या चरित्रभूमिका. व्ही. शांताराम यांच्या ‘दहेज’मध्ये (१९५०) त्या छळवादी सासू झाल्या, तेव्हा त्या ३४ वर्षांच्या होत्या. अपघाताने बारीक झालेला डोळा प्रेक्षकांना कपटाची खूण वाटू लागला. वयस्क स्त्रीसाठी त्या काळच्या पटकथांत मुख्यतः दोनच जागा असत : सोशिक आई किंवा दुष्ट सासू. ललिताबाईंच्या वाट्याला बहुधा दुसरी आली.

तथापि, त्या साच्यात मावल्या नाहीत. ‘श्री ४२०’मधील (१९५५) केळी विकणारी गंगामाई आणि ‘अनाडी’मधील (१९५९) घरमालकीण मिसेस डिसा या दोन्ही स्त्रिया स्वतःच्या कमाईवर जगणाऱ्या, जिभेने तिखट आणि मनाने मायाळू आहेत. ज्या राज कपूर यांच्यावर त्या पडद्यावर आईची माया करतात, ते त्यांच्याहून केवळ ८ वर्षांनी लहान होते. ‘अनाडी’साठी त्यांना सर्वोत्कृष्ट साहाय्यक अभिनेत्रीचा फिल्मफेअर पुरस्कार लाभला. तरीही लोकस्मृतीत मिसेस डिसा मागे पडली. सत्तरी गाठल्यावर दूरदर्शनच्या ‘रामायण’ मालिकेत त्या मंथरा झाल्या आणि जुनी प्रतिमाच दृढ झाली. २४ फेब्रुवारी १९९८ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले.

अलीकडे हे चित्र काहीसे पालटले आहे. ‘बाईपण भारी देवा’ (२०२३) या मराठी चित्रपटात मध्यमवयीन आणि वृद्ध अशा सहा बहिणीच कथेच्या केंद्रस्थानी आहेत. त्या कोणाच्या तरी सासू किंवा आई म्हणून नव्हे, तर स्वतःच्या सुखदुःखांसह तेथे येतात. ललिताबाईंची गुणवत्ता कधीच अपुरी नव्हती. अपुऱ्या होत्या त्या त्यांच्यासाठी लिहिल्या गेलेल्या भूमिका.

स्वयंअध्ययनासाठी प्रश्न
१. तुमच्या बोलीत व्यक्तिनामांवरून आलेली तीन सामान्यनामे नोंदवा. त्यांपैकी स्त्रियांची किती व निंदाव्यंजक किती, ते पाहा.
२. तुम्ही पाहत असलेल्या एका मालिकेतील वयस्क स्त्रीला कुटुंबातील नात्यापलीकडे स्वतःचे कथानक आहे काय? सोदाहरण लिहा.