पाटीलबाबा हरण्यातून काय शिकले

ग्वाल्हेरच्या मराठी घरात वाढल्यामुळे महादजी शिंद्यांचं नाव मी लहानपणापासून ऐकत आले. पण पाटीलबाबा जन्मभर लंगडत चालले, हे मला कॉलेजात आल्यावर कळलं.

१४ जानेवारी १७६१. पानिपतावरून निघताना एका अफगाण स्वाराने त्यांना गाठलं आणि पायावर घाव घातला. राणेखान नावाच्या भिस्त्याने त्यांना आपल्या बैलावर घालून सुखरूप आणलं. महादजींनी त्याला भाऊ मानलं आणि पुढे सरदार केलं.

पानिपतावर इब्राहिमखान गारद्याच्या कवायती पलटणी एका पद्धतीने लढत होत्या आणि आपले घोडेस्वार दुसऱ्याच. मेळ बसला नाही. महादजी हे विसरले नाहीत. १७८४ मध्ये त्यांनी सॅव्हॉयच्या बन्वा द ब्वान्यला नोकरीत घेतलं आणि स्वतःच्या पलटणी उभ्या केल्या. आग्ऱ्याला तोफा ओतल्या जाऊ लागल्या.

दुसरा धडा १७८७ मध्ये लालसोटला मिळाला. पगार थकलेल्या बादशाही पलटणी तोफांसकट शत्रूला जाऊन मिळाल्या! त्यानंतर द ब्वान्यच्या फौजेचा पगार वेळेवर व्हावा म्हणून दोआबातल्या मुलखाचा महसूल तोडून दिला. १७९० मध्ये पाटण आणि मेडत्याला याच फौजेने लढाया जिंकल्या.

एक गोष्ट मात्र राहून गेली. शिपाई इथले, तोफा इथल्या, पण वरचे अधिकारी जवळजवळ सगळे युरोपियन. १७९४ मध्ये पुण्याजवळ वानवडीला महादजी वारले. १८०३ मध्ये इंग्रजांशी युद्ध पेटलं, तेव्हा यातले बरेच अधिकारी नोकरी सोडून गेले, सेनापती पेरॉनसुद्धा. लासवारीला उरलेले शिपाई तोफांपाशी मरेपर्यंत लढले. इंग्रज सेनापती लेकनेही त्यांचं शौर्य मान्य केलं. तरी लढाई गेलीच.

आजच्या सैन्यांनी महादजींकडून काय घ्यावं? हरल्यावर कारण शोधायचं, शिपायाचा पगार थकवायचा नाही, हे तर आहेच. पण विमान किंवा तोफ बाहेरून घेताना ती चालवणारं, दुरुस्त करणारं डोकंही आपल्याकडे तयार व्हायला हवं. नाहीतर ऐन वेळी ते डोकं आपल्या घरी निघून जातं, आणि मागे राहतो तो लासवारीचा शिपाई. मला राहून राहून वाईट वाटतं ते त्याचंच.