सपाट तबकडीवाला बर्लिनर

सेम-थ्रीची केटी लागली होती, म्हणजे अभ्यास सोडून काहीही करायचा मूड. म्हणून आजोबांचा रेकॉर्ड प्लेअर माळ्यावरून खाली काढला. आधी खरखर, मग गाणं. मोबाइलमध्ये हजार गाणी असताना मी त्या एका तबकडीसमोर मांडी घालून बसलो. हे डोकं कुणाचं, म्हणून शोधत गेलो आणि एमिल बर्लिनर सापडला. (कॉन्व्हेंटवाल्याचं मराठी आहे, सांभाळून घ्या.)

जन्म १८५१ चा, जर्मनीतल्या हॅनोव्हरचा. चौदाव्या वर्षी शाळा संपली. १८७० मध्ये अमेरिका गाठली, वॉशिंग्टनला कापडाच्या दुकानात काम केलं, न्यूयॉर्कला रात्रीच्या वर्गात शिकला. इंजिनिअरिंगची डिग्री नाहीच! तरी १८७७ साली टेलिफोनसाठी नवा ट्रान्समीटर बनवला. बेल कंपनीने हक्क विकत घेतले, वर नोकरीही दिली.

त्याच वर्षी एडिसनचा फोनोग्राफ आला होता. त्यात आवाज सिलिंडरवर वर-खाली खोदला जायचा. पण प्रती काढणं अवघड, गाणाऱ्याने तेच गाणं पुन्हा पुन्हा गायचं! बर्लिनरने १८८७ साली ग्रामोफोनचं पेटंट घेतलं. त्याने तबकडी सपाट केली आणि खाच आडवी, नागमोडी. मेण चढवलेल्या जस्ताच्या पत्र्यावर सुईने रेघ ओढायची, पत्रा ॲसिडमध्ये बुडवायचा, रेघ कोरली जाते. त्यावरून उलटा साचा काढला की हव्या तितक्या तबकड्या छापा. मेकॅनिकलवाल्यांनो, हे आपल्या डाय-प्रेसचंच काम की! आधी कडक रबर वापरलं, मग लाखेचं मिश्रण. ती लाख बरीचशी आपल्याच देशातून जायची.

पुढे विक्री सांभाळणाऱ्या एजंटाशी भांडण कोर्टात गेलं आणि १९०० साली अमेरिकेत स्वतःचाच ग्रामोफोन विकायला त्याला बंदी झाली. मला हे अजून पटत नाही. त्याने मॉन्ट्रियलला बस्तान हलवलं. स्वतःची तान्ही मुलगी आजारी पडल्यावर तर दूध तापवूनच मुलांना द्या, म्हणून मोहीम काढली. म्हातारपणी मुलाबरोबर हेलिकॉप्टरचा खटाटोपही केला. १९२९ मध्ये वॉशिंग्टनला गेला.

लाख जाऊन विनाइल आलं, खाच मात्र आडवीच राहिली. २०२२ मध्ये अमेरिकेत विनाइल रेकॉर्ड ४.१ कोटी खपल्या, सीडी ३.३ कोटी. १९८७ नंतर असं पहिल्यांदाच झालं.

आमच्या प्लेअरचा बेल्ट सैल आहे, गाणं जरा रेंगाळतं. आजोबांना आता ऐकू कमी येतं, ते लाकडी खोक्यावर हात ठेवून बसतात. बेल्ट शोधतोय. केटीचा पेपर त्यानंतर.