अनेकदा विकला गेलेला पोर ते दख्खनचा कारभारी : मलिक अंबर

मंडीदीप (भोपाळ) : इथल्या कारखान्यांत खानदेश-विदर्भातून आलेल्या माणसाला पहिला प्रश्न हमखास असतो, तुमचं गाव कोणतं? चारशे वर्षांपूर्वी हाच प्रश्न मलिक अंबरला विचारला असता तर त्याने काय सांगितलं असतं?

त्याचा जन्म १५४८च्या सुमारास इथिओपियात झाला. मूळ नाव चापू. लहानपणीच तो गुलामांच्या बाजारात गेला आणि हातोहात विकला जात बगदादला पोचला. तिथल्या धन्याने त्याला लिहायला-वाचायला शिकवलं आणि अंबर हे नाव दिलं. पुढे दख्खनमध्ये निजामशाहीचा पेशवा चंगीझखान याने त्याला विकत घेतलं. गंमत म्हणजे हा पेशवाही हबशीच, एके काळचा गुलाम. राज्यकारभार अंबर त्याच्याच हाताखाली शिकला.

धनी गेल्यावर अंबर मोकळा झाला. काही काळ विजापूरकरांची चाकरी करून परत आला. १६००मध्ये मोगलांनी अहमदनगर घेतलं आणि निजामशाही संपली असंच सगळ्यांना वाटलं. अंबरने मात्र परांड्याला राजघराण्यातला मुर्तजा गादीवर बसवला, त्याला आपली मुलगी दिली आणि कारभार हाती घेतला. मराठा घोडदळ सोबतीला घेऊन त्याने गनिमी काव्याने मोगलांना जेरीस आणलं. भोपाळहून भुसावळकडे जाताना लागणारं बऱ्हाणपूर हे मोगलांचं दख्खनचं ठाणं. १६२०च्या सुमारास अंबरच्या फौजांनी त्यालाही वेढा घातला, आणि नर्मदा ओलांडून माळव्यात मांडूपर्यंत धडक मारली. १६२४मध्ये भातवडीला मोगल आणि आदिलशाही अशा दोन्ही फौजा त्याने एकदम हरवल्या. त्या लढाईत शहाजीराजे त्याच्या बाजूने होते, त्यांचे बंधू शरीफजी तिथेच कामी आले. जहांगीर बादशहाला या माणसाचा इतका राग, की त्याने अंबरच्या कापलेल्या डोक्यावर आपण बाण मारतोय असं चित्र काढून घेतलं. प्रत्यक्षात ते डोकं त्याला कधीच मिळालं नाही.

पण अंबर नुसता लढवय्या नव्हता. जमिनीचा कस पाहून सारा ठरवायची पद्धत त्याने बसवली. १६१०मध्ये खडकी हे शहर वसवलं आणि जमिनीखालून नहर काढून त्याला पाणी दिलं. १६२६मध्ये, ऐंशीच्या घरात असताना तो वारला. खुलदाबादला त्याची कबर आहे. तो गेल्यावर सातच वर्षांत दौलताबाद पडलं.

खडकीचं पुढे फतेहनगर झालं, मग औरंगाबाद, आता छत्रपती संभाजीनगर. वसवणाऱ्याचं नाव दुसऱ्यांनी बदललं, तसंच त्याच्या शहराचंही. चापू इथिओपियाला परत कधी गेला नाही. ज्या मातीत तो विकला जाऊन आला, तिच्यासाठीच शेवटपर्यंत लढला. मग त्याचं गाव कोणतं? पोटासाठी घर सोडून आलेल्या आपल्यासारख्यांना याचं उत्तर वेगळं सांगायला नको.