विनम्र इतिहासकार

इतिहासात नोंद कोणाची होते? ज्याच्यापाशी सत्ता, पदवी किंवा निदान एखादा वार्ताहर असतो त्याची. या रूढीची जन्मभर थट्टा करणारे मल्याळी कथाकार वैकम मुहंमद बशीर यांचे स्मरण म्हणूनच अगत्याचे वाटते.

केरळातील वैकमजवळच्या तलयोलपरंबु गावी १९०८ साली त्यांचा जन्म झाला. वैकमच्या सत्याग्रहाच्या वेळी शाळकरी बशीरांना गांधीजींचे दर्शन घडले. १९३० साली मिठाच्या सत्याग्रहात ते शिरले, पोलिसांचा मार खाल्ला आणि कण्णूरचा तुरुंग भोगला. पुढे अनेक वर्षे देशभर भटकंती केली, पडेल ते काम केले. ज्यांच्या पंक्तीला ते बसले ते चोर, जुगारी आणि भिकारी कोणत्याच बखरीत नव्हते. बशीरांनी मग स्वतःच बखरकाराचा वेश घेतला. जुगाऱ्याची मुलगी आणि भुरटा चोर यांच्या प्रेमाची हकीकत सांगताना ते स्वतःला विनम्र इतिहासकार म्हणवितात आणि इतिहासाच्या अभ्यासकांसाठी म्हणून ती गंभीरपणे नोंदवितात. हसू येते ते या गांभीर्याचे. त्या माणसांचे नव्हे.

१९५४ सालच्या ‘विश्वविख्यात नाक’ या कथेत हीच युक्ती उलट वापरली आहे. एका निरक्षर आचाऱ्याचे नाक एकाएकी लांबते. त्याची नोकरी जाते, उपासमार होते. पण वर्तमानपत्रे धावून येताच तो थोर विचारवंत ठरतो. पक्ष त्याच्यावर हक्क सांगतात, तर विरोधक नाक रबराचे असल्याचा आरोप करतात. बातम्या, किताब, तज्ज्ञांची तपासणी असे सर्व पुरावे रचलेले, आणि तरीही सारे ओळखीचे!

ही थट्टा त्यांनी स्वतःलाही माफ केली नाही. मानसिक आजारावरील उपचारांच्या काळात लिहिलेल्या आणि १९५९ साली प्रसिद्ध झालेल्या ‘पातुम्माची शेळी’ या पुस्तकात बहिणीची शेळी त्यांची गाजलेली पुस्तकेच खाऊन टाकते. काल्पनिक किताबांना हसणाऱ्या या लेखकाला १९८२ साली खरीखुरी पद्मश्री मिळाली. १९९४ साली बेपूर येथे त्यांचे निधन झाले.

छापून आले म्हणजे खरे, आणि गाजले म्हणजे थोर, असे मानण्याची आपली सवय अद्याप सुटलेली नाही. ही सवय हसत हसत मोडून काढणारा असा इतिहासकार प्रत्येक भाषेला लाभतोच असे नाही.